कुडकन

"मी पिळते. तू हात लावू नकोस," आई म्हणाली, आणि किसलेल्या गाजराचं फडकं तिने उजव्या मुठीत धरलं.

लेक ओट्याला टेकून उभी राहिली. पैज आईनेच लावली होती. तिने एकटीने केलेली गाजराची बिस्किटं पूर्वीसारखी कुडकन मोडली, तर ती या घरात एकटी राहणार आणि लेकीने पुन्हा तो विषय काढायचा नाही. नाही मोडली, तर संध्याकाळच्या गाडीने लेकीबरोबर जायचं, कायमचं. आईला पक्षाघाताचा झटका येऊन गेल्याला चार महिने झाले होते. हात सुधारतोय, असं डॉक्टर म्हणत होते. लेकीला ते पटत नव्हतं. "मग ओव्हनलाच विचारू," असं आईचं म्हणणं. या बाईशी वाद घालून आजवर कोण जिंकलंय?

फडक्यातून केशरी पाण्याची धार वाटीत पडली, मग नुसते थेंब. मूठ थरथरायला लागली तशी आईने मान फिरवून खिडकीबाहेर पाहिलं.

"झालं," तिने फडकं सोडलं.

झालं नव्हतं. कीस अजून ओलाकिच्च होता. आणखी एक पीळ दिला असता तर पाव वाटी पाणी सहज निघालं असतं; तसाच राहिला तर बिस्किटं मऊ पडणार. याच ओट्यावर बसून लहानाची मोठी झालेल्या लेकीला तेवढं नक्की कळत होतं. शब्द अगदी ओठावर आले. पण तिने मूग गिळले. रोज तीनदा फोन करायचा आणि आईने उचलला नाही की घाम फुटायचा, याला ती खरोखर कंटाळली होती.

पुढचंही सगळं आईनेच केलं. पिठात लोणी चोळलं, गाजर घातलं, बारीक चिरलेला पालक आणि शेपू घातला, मिरी भरडून टाकली. लाटताना एक बाजू जाड राहिली, ती तिने फिरवून फिरवून सारखी केली. काट्याने टोचे मारताना ती चक्क गुणगुणत होती. लेकीला ते ऐकवेना. ती उगाचच बॅगेची चेन उघडत-लावत बसली.

ट्रे बाहेर आला तेव्हा रंग तर झकास होता. घरभर शेपूचा वास सुटला.

"गार होऊ दे आधी. गरम असताना सगळीच मऊ लागतात," आईने बजावलं. ट्रे मध्ये ठेवून दोघी समोरासमोर बसल्या. दहा मिनिटांनी आईने ट्रेला बोट लावून पाहिलं.

मग लेकीने एक बिस्कीट उचललं. आई डोळे मिटून, कान देऊन बसली. बिस्कीट आधी वाकलं, मग गपचूप त्याचे दोन तुकडे झाले. लेकीने एक तुकडा तोंडात टाकला. चव तीच होती, जशीच्या तशी. तिला एकदम भरून आलं.

"मस्त झालीत," ती म्हणाली. "अगदी कुरकुरीत. जिंकलीस तू, आई. राहा इथेच."

आईने डोळे उघडले नाहीत. "मघाशी कीस ओला राहिला, ते तुला दिसलं होतं ना?"

लेकीने हातातला तुकडा परत ट्रेमध्ये ठेवला.

"मलाही दिसलं होतं," आई म्हणाली. "मूठच वळेना."

ती उठली. फळीवरचा डबा काढून तिने डाव्या हाताने सगळी बिस्किटं त्यात भरली. झाकण वर नुसतं ठेवलं आणि डबा लेकीपुढे सरकवला.

"घट्ट लाव, माझ्या बॅगेत टाकायचाय. मऊ बिस्किटं दोन दिवसांत संपवावी लागतात. तुझ्या घरी खाणारी चार तोंडं तरी आहेत."