पेरॉक्साइड म्हणजे काय?

"टोपणावर कांही पांढरें साचलें आहे. तें पुसून काढा, मग गंध लावा," तुळसीबाई म्हणाल्या आणि फडकं नवऱ्याच्या हातात देऊन पुन्हा समया घासायला बसल्या.

श्रीरंजनी फुलं निवडत होती. तिनं सहज मान वर केली आणि हातातली फुलं तशीच खाली ठेवली. अप्पांच्या मांडीवर तपकिरी काचेची जुनी बाटली होती. टोपणाच्या आट्यांत खडीसाखर चिकटावी तसे स्फटिक धरले होते. फाटक्या चिठ्ठीवर 'ईथर' एवढंच वाचता येत होतं.

सरस्वतीपूजेचा दिवस होता. त्या दिवशी कुंभकोणमला ज्याचं त्याचं हत्यार देवीपुढे जातं. सुतार करवत ठेवतो, रिक्षावाला रिक्षा धुऊन आणतो. श्रीरंजनीचे अप्पा कृष्णस्वामी यांनी जन्मभर कॉलेजात सेंद्रिय रसायनशास्त्र शिकवलं, निवृत्तीनंतर घरी शिकवण्या घेतल्या. म्हणून या घरात त्यांच्या कपाटातल्या बाटल्यांना गंध-कुंकू लागायचं. ही बाटली मागच्या रांगेत कोपऱ्यात राहून गेली होती. विसरायला लागायच्या आधीचे अप्पा असते, तर तिला घरात ठेवलंच नसतं.

"अप्पा, टोपण फिरवूं नका. हात काढा," श्रीरंजनी म्हणाली.

त्यांनी तिच्याकडे पाहिलं. "तुम्ही कोण, अम्मा? कुणाकडे आलात?" त्यांनी तमिळमध्ये विचारलं.

या घरात उंबऱ्याच्या आत मराठी आणि बाहेर तमिळ, असं पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेलं. गेलं वर्षभर अप्पा बायकोशी मराठीत बोलत आणि लेकीशी तमिळमध्ये. श्रीरंजनीही रसायनशास्त्रच शिकवायची. आजाराचं नाव तिला पाठ होतं, कारणं पाठ होती, तरी तिला दर वेळी तेवढंच वाईट वाटायचं.

"अहो, रंजी ती! आपली रंजी!" तुळसीबाई म्हणाल्या.

अप्पांनी ऐकून न ऐकल्यासारखं केलं. अलीकडे एखादं काम हातात घेतलं की ते पुरं केल्याशिवाय सोडत नसत, आणि कुणी अडवलं तर हिसका देत. फडकं टोपणाभोवती गुंडाळून त्यांनी मूठ आवळली.

बाटली ओढून घेण्यात अर्थ नव्हता. ओढाताण झाली असती तर टोपण पिरगाळायचीही गरज उरली नसती. श्रीरंजनी हळूच त्यांच्यासमोर खाली बसली. तिनं इंग्रजीत, मागच्या बाकावरच्या मुलीनं विचारावं तसं विचारलं, "सर, एक शंका आहे. पेरॉक्साइड म्हणजे काय?"

मूठ थांबली.

"हा शब्द परीक्षेपुरता पाठ करायचा नसतो," कृष्णस्वामी इंग्रजीत म्हणाले. आवाज भरदार होता, घरात कित्येक दिवसांत कुणी न ऐकलेला. "संयुगात ऑक्सिजनचे दोन अणू एकेरी बंधानं एकमेकांना जोडले गेले की ते पेरॉक्साइड. ही जोड फार कच्ची असते. ईथर हवेत, उजेडात पडून राहिलं, की ऑक्सिजन घेऊन पेरॉक्साइड बनवतं. पुढे ईथर उडून जातं. पेरॉक्साइड जात नाही. ते तोंडापाशी साचतं."

"हे ओळखायचं कसं, सर?"

"टोपणाशी पांढरे स्फटिक दिसतात. मग अशी बाटली हाती आली तर काय करशील? सांग."

"टोपण फिरवणार नाही, सर."

"का?"

"घासलं तरी स्फोट होतो."

"बरोबर." त्यांनी खूश होऊन मान हलवली आणि सवयीनं खाली पाहिलं. फडक्यावर त्यांचीच बोटं होती. ती त्यांनी एकेक करून सोडवली. चेहरा पांढराफटक पडला.

"तुळसी, बाहेर जा," ते मराठीत म्हणाले. "कांही विचारूं नको."

तुळसीबाई उठल्या आणि भिंत धरत गेल्या.

"तूही," ते श्रीरंजनीला तमिळमध्ये म्हणाले.

"आणि तुम्ही, सर?"

"वर्ग रिकामा झाल्याशिवाय मी ही खाली ठेवणार नाही. नीघ."

त्यांचे हात कापत होते. बाटलीचा तळ मांडीवर टेकलेला, म्हणून अजून काही बिघडलं नव्हतं. आपण जितका वेळ इथे थांबू तितका वेळ ते ती धरून बसणार, हे तिला कळलं. बापाला तसं सोडून उठणं तिच्या जिवावर आलं होतं. ती उठली, मागे न बघता दार ओलांडून रस्त्यावर गेली. फायर ब्रिगेडला फोन लावताना तिला आपल्याच घराचा पत्ता सांगता येईना. शेवटी शेजारच्या जानकीरामनं फोन घेऊन पत्ता सांगितला आणि जमलेल्या माणसांना मागे सारलं.

आतून काहीच आवाज नव्हता. तुळसीबाई देवाचं नाव घेत होत्या.

मग कृष्णस्वामी दारात आले. रिकामे हात त्यांनी पुढे धरले होते. दार हळूच लोटून घेतलं आणि पायऱ्या उतरले. श्रीरंजनी धावत गेली, त्यांचा हात घट्ट धरला आणि तिला रडू आवरेना.

त्यांनी हात सोडवून घेतला. ते रागावले होते. इतक्या वर्षांत ते कुठल्या विद्यार्थ्याला असं सगळ्यांसमोर बोलले नव्हते.

"सांगितल्याबरोबर निघायचं होतंस. काही झालं असतं तर तुझ्या अप्पाला मी कुठल्या तोंडानं सांगितलं असतं?"

"चुकलं, सर," श्रीरंजनी तमिळमध्ये म्हणाली.