तुलसाची वळलेली मान

"आजी, हिरव्या दिव्याकडे सरळ पाहा," डोळ्यांचा फोटो काढणाऱ्या रीताने पुन्हा सांगितलं. तुलसाची हनुवटी मशीनवर टेकलेली होती, पण नजर परत बाजूला गेली. मागे उभा असलेला तिचा नवरा धनलाल ते पाहत होता. ही आता मशीनकडेही सरळ पाहत नाही.

त्याच्याकडे तर ती दोन वर्षांपासून पाहत नव्हती. धाकटा मुलगा ओमेश्वर बायकोपोराला घेऊन कायमचा रायपूरला निघाला, तेव्हा तुलसा नको म्हणत होती. धनलालने जा म्हटलं. त्यानंतर कधीतरी तिची मान वळली. ताट वाढायची ती चुलीकडे पाहत. तो बोलायला लागला की तोंड दाराकडे फिरवायची. भांडली असती तर बरं झालं असतं. धनलालने कारण विचारलं नाही. विचारलं असतं तर उत्तर ऐकावं लागलं असतं. सौंदडच्या घरात दोघंच उरलेली, आणि त्यात हे असं.

अलीकडे तांदळातले खडे तिच्या हातून सुटायला लागले. एकदा तर चहात साखरेऐवजी मीठ पडलं. मोतीबिंदू असेल म्हणून त्याने तिला सडक अर्जुनीच्या दवाखान्यात आणलं होतं.

शेवटी फोटो निघाला. डॉक्टरबाईंनी तो कॉम्प्युटरवर मोठा करून दाखवला. नारिंगी गोल, त्यात लाल शिरा, आणि मधोमध फिकट, खरवडल्यासारखा डाग. मोतीबिंदू नाही, त्या म्हणाल्या. वयामुळे डोळ्याच्या पडद्याचा मधला भाग झिजलाय. झिजलं ते परत येणार नाही, पण कडेची नजर राहील, पूर्ण अंधार होणार नाही. डाग वाढतो का ते पाहायला अधूनमधून फोटो काढावा लागेल.

धनलाल त्या डागाकडे पाहत राहिला. इतके दिवस गिळलेलं आपसूक बाहेर आलं.

"मंग माह्याकडे काऊन नाही पाहत तू?"

तुलसाने मान दाराकडे वळवली.

"तुमालेच त पाहून राहिली. सीधी पाहली का तुमचा चेहराच पुसून जाते. अशी वळली का दिसता."

ओमेश्वरचं त्याने चाचरत विचारलं. तो राग तर पोरगं पहिल्या दिवाळीला घरी आलं तेव्हाच गेला, असं ती म्हणाली. आणि डोळ्यांचं काय सांगायचं, म्हातारपणी सगळ्यांचं असंच होत असेल असं तिला वाटलं होतं.

औषधं मिळेपर्यंत दोघं बाहेरच्या बाकावर बसली. तुलसाने तोंड फिरवून रस्त्यावरच्या ट्रकांकडे केलं. धनलालने टोपी सरळ केली, मिशीवरून हात फिरवला आणि जराही न हलता बसून राहिला.