अर्धा वाघ

दुपारच्या शांततेत दाराची कडी वाजली आणि तिच्या हातातली सुई थांबली. सीमेवर नवरा जिंकला होता, पण जिंकलेल्या सेनापतीचीच चीनच्या सम्राटाला जास्त धास्ती. म्हणून तर लढाई चालू असेपर्यंत ती आणि लेक राजधानीत ओलीस होत्या, दाराशी पहारेकरी.

नवराच आत आला. तिची नजर आधी त्याच्या कमरेकडे गेली. सैन्याच्या हुकमतीची खूण असलेला काशाचा अर्धा वाघ तिथे नव्हता.

“काढून घेतला?”

“मीच परत दिला. सम्राटांनी आपल्याजवळचा अर्धा त्याला जोडून पाहिला, आणि हसले गं! वाघ आता दुसऱ्या कुणाच्या कमरेला. मला मंत्री केलंय. यापुढे लढाई कागदांशी.”

“मग हरलातच तुम्ही,” ती म्हणाली आणि कितीतरी वर्षांनी मोकळी हसली.

अंगणात म्हातारा पहारेकरी आपली चटई गुंडाळत होता. रोज लाकडाचे घोडे करून देणाऱ्या त्या काकांना लेक घट्ट बिलगली. मग आईकडे वळून तिने विचारलं,

“आई, आता काका कुणाच्या दारात बसणार?”