नोंद क्रमांक तेरा

अर्ज फेटाळला गेला. हे सांगून टाकलं, आता विसरून जा. कारण बुधवारी सकाळी लोअर पेनफोल्ड गावात कुणी कसलाच अर्ज केलेला नव्हता.

निकोला थ्रेल वडिलांच्या घरी येऊन जिल्हा परिषदेच्या पेंडर साहेबांची वाट पाहत होती. घर साडेतीनशे वर्षांचं, सरकारी यादीतलं, संरक्षित. दाराचा रंग बदलायचा तरी विचारावं लागे. घराला गिऱ्हाईक मिळालं होतं. अंगणातला डुक्करखाना पाडून तिथे गाडी लावता यावी, एवढीच त्याची अट होती. ते जमलं की शुक्रवारी वॉल्टर थ्रेल समुद्रकाठच्या वृद्धाश्रमात जाणार होता. मार्चमध्ये तो जिन्यावरून पडला होता. वृद्धाश्रमात जिनाच नव्हता.

वॉल्टर वरच्या खोलीत जन्मला होता आणि पुढे प्रगती करून खालच्या खोलीत आला होता. या घराबाहेर त्याने एकही रात्र काढली नव्हती. लग्नाची पहिली रात्रसुद्धा. त्यावर निकोलाची आई चाळीस वर्षं बोलत होती.

तरी त्याने जायला हो म्हटलं होतं. दाराशी बॅग ठेवली होती. निकोलाने ती उचलून पाहिली.

"एवढीशी?"

"लागतं किती माणसाला," वॉल्टर म्हणाला. तो चुलीशेजारच्या, भिंतीत बसवलेल्या बाकावर बसला होता. तिथेच बसायचा.

पेंडर साहेब आले. पाय पुसले, चहा नको म्हणाले, चहा घेतला. मग त्यांनी छापील तक्ता काढला.

"नियम सोपा आहे, मॅडम. घराला जोडलेलं काहीही घरच. आणि आवारातलं जे एक जुलै एकोणीसशे अठ्ठेचाळीसच्या आधीपासून इथेच आहे, जागेचाच भाग होऊन बसलंय, तेही घरच. त्यानंतरचं असेल तर पाडा, विका, मला काही नाही."

"डुक्करखाना नंतरचा आहे," निकोला म्हणाली.

"आजोबांनी बांधला, छत्तीस साली," वॉल्टर म्हणाला. "पहिल्या डुकरिणीचं नाव सांगू?"

"बाबा!"

"मार्जरी."

साहेबांनी मार्जरी लिहून घेतलं. मग वॉल्टर त्यांना आवारभर फिरवू लागला. हातपंप दाखवला. घोड्यांची दगडी कुंडी दाखवली. दारातली बुटांचा चिखल खरवडायची पट्टी, भिंतीतला मांस टांगायचा आकडा, सगळं दाखवलं. साहेब खूश होते. पेन्सिलीला दोनदा टोक काढावं लागलं. बारा नोंदी झाल्या.

"तुम्ही नक्की कुणाच्या बाजूने आहात?" निकोलाने विचारलं.

"साहेब विचारतात, मी सांगतो. खोटं बोलू का?"

"डुक्करखाना राहिला तर विक्री मोडेल. मग पुन्हा हिवाळाभर तुम्ही इथे एकटे. पुन्हा पडलात तर मला कळणार कसं? पोस्टमनकडून? मागच्या वेळी पोस्टमननेच कळवलं, बाबा."

 वॉल्टरने तिच्या हातावर हात ठेवला, मग काढून घेतला.

निकोला गिऱ्हाइकाला फोन करायला कोपऱ्यावर गेली, कारण गावात तेवढ्याच एका जागी फोन लागायचा. पाच मिनिटांनी हसत परत आली.

"डुक्करखाना संरक्षित आहे म्हटल्यावर तो नाचायलाच लागला! म्हणे, मग तर हवाच. जितकं जुनं तितकं बरं. गाडी बाहेर लावीन म्हणतो."

"शहरातला दिसतो," वॉल्टर म्हणाला.

"मग शुक्रवारी दहाला येते मी. तयार राहा."

तिची गाडी वळणाआड जाईपर्यंत वॉल्टर दारात उभा राहिला. मग आत येऊन बाकावर बसला.

"साहेब, एक राहिलं बघा. तेरावं."

त्याने डब्यातून एक पिवळा कागद काढला. साहेबांनी चष्मा पुसून तारीख वाचली. पुन्हा वाचली.

"मे अठ्ठेचाळीस," ते म्हणाले. "सात आठवड्यांनी बसतंय नियमात."

"थोडक्यात."

"नियमात थोडक्यात असं काही नसतं. बसतंय म्हणजे बसतंय." साहेबांनी तक्ता पुढे ओढला. "कधी हलवलं होतं?"

"प्रयत्न बऱ्याच जणांनी केला."

"ओल?"

"थंडीत. खालच्या बाजूला."

"आवाज?"

"वाकताना."

"एकूण अवस्था?"

"बरी म्हणायची."

साहेबांनी 'बरी' लिहिलं, खाली सही केली आणि यावेळी चहा स्वतःहून मागितला.

शुक्रवारी दहा वाजता निकोला आली तेव्हा दारावर तक्ता चिकटवलेला होता. खाली शिक्का होता. तिने तेराव्या ओळीपर्यंत वाचलं. मग दाराशी ठेवलेली बॅग उघडून पाहिली. आत एक उशी होती.

"चहा टाकू का गं?" आतून वॉल्टरने विचारलं.

निकोला कोपऱ्यावर जाऊन गिऱ्हाइकाला फोन करून आली. गाडीत जाऊन बसली, गुडघ्यावर कागद ठेवला आणि लिहायला लागली:

'प्रति, संरक्षित वास्तू विभाग, जिल्हा परिषद. विषय: नोंद क्रमांक तेरा मूळ जागेवरून हलवण्यास परवानगी मिळण्याबाबत. महोदय, सदर भाग हलवताना मूळ भिंतीस धक्का लागणार नाही. सदर भाग गाडीपर्यंत स्वतः चालत येऊ शकतो. दर नाताळात तो आठवडाभर मूळ जागी आणून बसवण्याची हमी मी देते. खरेदीदाराने मात्र सदर भाग घरासोबतच हवा असा हट्ट धरला आहे, त्याकडे कृपया लक्ष देऊ नये. तरी मला माझ्या वडिलांना सोबत नेऊ द्यावे, ही नम्र विनंती.'