घासाघीस

घासाघीस करावी तर आमच्या वहिनींनीच. नव्या घराच्या सौद्यात त्यांनी बिल्डरकडून दोन पंखे आणि स्वयंपाकघरातला नळ फुकटात उकळला होता.

दादा शाळेत गणित शिकवतात. निवृत्तीला पंधरा वर्षं उरली आहेत, म्हणून त्यांनी गृहकर्जही बरोबर पंधरा वर्षांचं ठरवलं होतं. शेवटचा तास आणि शेवटचा हप्ता एकाच महिन्यात, मग कायमची मोठी सुट्टी!

नेमकी परीक्षा आली आणि दादांना रजा मिळेना. बँकेत बोलणी करायला वहिनी एकट्याच गेल्या आणि संध्याकाळी लढाई जिंकल्यासारख्या परतल्या.

"महिन्याचा हप्ता सात हजारांनी खाली आणला! साहेबांनी हूं की चूं केलं नाही. उलट चहा पाजला."

दादांनी हातातले पेपर खाली ठेवले. "अगं, बँक अशी सहजासहजी सोडणारी नव्हे. बदल्यात काय घेतलं त्यांनी?"



"एक छदामही नाही हो! नुसती तुमची आणखी दहा वर्षं मागितली. म्हटलं, घ्या बापडे, पैसे थोडेच मागताय!"