टेंगऱ्याचा आवाज

"आयकलं का, मास्तरीणबाई? बोलून राह्यला!"

बुधरीबाईंच्या चिमटीत बोटभर टेंगरा मासा करकरत होता. तेल नसलेल्या बिजागरीसारखा. मिशा थरथरत होत्या, दोन्ही बाजूंचे काटे ताठ झाले होते. धान कापून झालं होतं, नाला डबक्याडबक्यांतच उरला होता. बुधरीबाईंनी मातीचा बांध घालून त्यातलं एक डबकं घमेल्याने उपसलं होतं. तळाच्या चिखलात असे कितीतरी टेंगरे वळवळत होते.

"मले आलं आयकू," विशाखा म्हणाली. "तिले आलं का, ते सांगा."

सुमेधा तिच्या कडेवर होती. पोरीला चौथं वर्ष लागलं होतं, आणि अजून साधं 'आई' नाही. उद्या धानोऱ्याहून पहिल्या गाडीने गडचिरोली, तिथून नागपूर, कानांची तपासणी. मोठा डॉक्टर काय ते सांगून टाकेल. त्याच्या आधी एकदा, एकदाच, पोरीने हाक मारावी, म्हणजे तिकिटंच काढायला नकोत. म्हणून बी.ए. झालेली विशाखा आज या नाल्यावर आली होती. बुधरीबाईंच्या घरी बोलायला उशीर झालेल्या लेकराच्या ओठाला बोलका टेंगरा लावत आणि मग माशाला पाण्यात सोडून देत. त्यांचा नातू तसाच बोलता झाला होता म्हणे. आता गप्प बसत नव्हता.

विशाखाचा यावर विश्वास नव्हता. पण घरी तिने काय कमी केलं होतं? पोरीच्या पाठीमागे ताट वाजवून पाहिलं. कधी वळे, कधी नाही. शेजारी उखळात मुसळ पडलं की मात्र हमखास वळायची. ट्रान्झिस्टर लावला की त्याला गाल चिकटवून बसायची, उठवलं तर रडायची. "आयकते ना ते! तू उगाच घोर लावून घेतला," हरिदास मास्तर बायकोला म्हणायचे. विशाखाला ते खरं वाटून घ्यायचं असे.

झोपताना पोरीची एक खोड होती. आईच्या गळ्यावर तळवा ठेवल्याशिवाय तिचा डोळा लागत नसे. विशाखा गाणं म्हणायला लागली की तो घामट हात आलाच. गळा दबायचा, सूर नीट निघायचा नाही. पोरीच्या कानावर शब्द तर पडले पाहिजेत! मग ती तो हात उचलून बाजूला ठेवायची आणि गाणं पुन्हा पहिल्यापासून धरायची.

"आन तिले इकडे," बुधरीबाई म्हणाल्या.

"काटा लागला म्हणजे? ओठ सुजला म्हणजे?"

"मी मागून धरलं ना बाई त्याले. टेंगऱ्यापरीस तूच जास्ती काटे फुलवून राह्यली."

विशाखाने पोरीला खाली उतरवलं. बुधरीबाईंनी मासा तिच्या तोंडाजवळ नेला. सुमेधाने तोंड फिरवलं आणि हात पुढे करून माशाच्या पाठीवरच तळवा टेकवला.

"सुमे! काटा!"

विशाखा जिवाच्या आकांताने ओरडली. पलीकडच्या झाडावरचे बगळे उडाले. बुधरीबाईसुद्धा दचकल्या. हातभर अंतरावर उभ्या असलेल्या सुमेधाची मान हललीदेखील नाही.

विशाखा पोरीजवळ ओल्या वाळूत बसली. नागपूरचा डॉक्टर जे सांगणार होता ते तिला इथेच कळलं होतं.

तळव्याखाली टेंगरा पुन्हा करकरला, आणि पोर हसली. अगदी खुदकन. तो थांबला, तशी ती थांबली. तो करकरला, ती हसली. एक तळवा माशावर तसाच ठेवून तिने दुसरा हात लांब केला आणि आईच्या गळ्यावर ठेवला.

विशाखाने सवयीने तो बाजूला सारला.

आणि मग तिचा स्वतःचा हात तसाच अधांतरी राहिला.

"सोडू का याले पाण्यात?" बुधरीबाईंनी हळूच विचारलं.

विशाखाने मानेनेच हो म्हटलं. टेंगरा चिखलगढूळ पाण्यात दिसेनासा झाला. पोरीचा ओठ रडण्यासाठी वाकडा होऊ लागला, तेवढ्यात विशाखाने तिचा चिखलाने माखलेला तळवा उचलला आणि आपल्या गळ्यावर घट्ट दाबून धरला.

"सुमेधा," ती म्हणाली. "सुमे. माझी सुमे."

पोर खुदकन हसली.

रोज रात्री, पोरीला गाणं ऐकू यावं म्हणून, विशाखा तिचा कानच बाजूला सारत आली होती.