चाळीस ओळी

“चुकीचा कागद दिलास गं,” वृत्तसंपादक म्हणाला. “ही नुसती नावं आहेत.”

टेबलापुढे उभी असलेली मुलगी बसली नाही. “बरोबर आहे, काका. पाकिटावर आईचंच अक्षर आहे. ‘माझा मृत्युलेख’.”

त्याने चष्मा चढवून पुन्हा वाचले. दर ओळीत एक नाव, पुढे वय. सहा वर्षे. सत्तर. अकरा. एका ओळीत नावाऐवजी ‘गिरणीवाल्याची धाकटी सून, नाव सांगायला कुणी उरले नाही’ एवढेच.

नावे त्याला नवी नव्हती. मुलीच्या आईने बावीस वर्षे या पेपरला युद्धगुन्ह्यांच्या खटल्यांच्या बातम्या दिल्या. न्यायालयात काचेमागच्या बाकावर बसायची, कानात दुभाष्याचा आवाज. पहिलाच खटला आठ वर्षे चालला. एका गावातली चाळीस माणसे एका दुपारी मारली होती. ती संध्याकाळी फोनवरून बातमी सांगायची. आधी न्यायाधीश, मग वकील, मग आरोपीची तब्येत. अगदी शेवटी मेलेल्यांची नावे. जागा रोज कमी पडायची, आणि बातमी कापतात ती खालून. आठ वर्षांत एकही नाव छापून आले नाही. आरोपीच्या गुडघेदुखीला मात्र दोनदा चौकट मिळाली.

घरी असली की ती जेवताना नावे पुटपुटायची. मुलीची परीक्षा कधी, ते तिच्या लक्षात नसे. यादीतल्या त्या अकरा वर्षांच्या मुलाचा वाढदिवस मात्र लक्षात असे. त्यावरून मायलेकी कितीदा भांडल्या. शेवटचे भांडण मिटवायचे राहूनच गेले.

एकदा ती नावे छापा म्हणून आईने याच टेबलावर हात आपटला होता. तेव्हा हा हसून म्हणाला होता, “बाई, लोक पेपर वाचतात. हजेरीपट नाही.”

आणि काल, स्मशानात तिला निरोप देताना, हाच सगळ्यांदेखत गहिवरला होता. “बाईंनी स्वतःबद्दल लिहून ठेवलंय म्हणे. त्यातला शब्द बदलणार नाही. घरच्या माणसाच्या मृत्युलेखाला आपला पेपर चाळीस ओळी देतो. त्या चाळीसच्या चाळीस त्यांच्या.”

आता त्याने कागद उलटा करून पाहिला. मागे काही नव्हते.

“अगं, पण यात तुझी आई कुठाय?”

“आहे की. सगळ्यात खाली.”

खाली एकच ओळ होती. आईचे नाव, वय, आणि पुढे ‘बातमीदार’.

त्याने पेन्सिलीच्या टोकाने ओळी मोजल्या. पुन्हा मोजल्या. “एकेचाळीस,” तो म्हणाला. “एक जास्त होतेय.”

“ठाऊक होतं तिला. बावीस वर्षं काढली तिने तुमच्या हाताखाली.” मुलीने कागद सरळ करून त्याच्यापुढे सरकवला. “कापा ना, काका. नेहमीसारखं. खालून.”